मोजमापाचा संसार

फुकुशिमा दाइइची अणुवीजकेंद्रापासून वायव्येला सुमारे ४० किलोमीटरवर, डोंगरात, इइताते नावाचं गाव आहे. भातशेती, भाजीपाला आणि गोमांसासाठी निगुतीने पाळलेली जनावरं ही त्याची ओळख. ११ मार्च २०११ रोजी दुपारी २ वाजून ४६ मिनिटांनी झालेल्या भूकंपाने इथली घरंही हादरली, पण त्सुनामी इथवर येण्याचा प्रश्नच नव्हता. दुसऱ्या दिवशी केंद्रातल्या पहिल्या अणुभट्टीच्या इमारतीत हायड्रोजनचा स्फोट झाला आणि किनाऱ्यावरची माणसं मिळेल ते गाडीत टाकून डोंगराकडे निघाली. इइतातेने त्यांना आसरा दिला. शाळा उघडल्या, अंथरुणं दिली, भाताचे गोळे वळून खाऊ घातले.

१५ मार्चला वारा फिरला. तो समुद्राकडून वायव्येला वाहू लागला आणि डोंगरावर आधी पाऊस, मग बर्फ पडला. हवेतून चाललेलं किरणोत्सारी सीझियम आणि आयोडीन त्याबरोबर जमिनीवर उतरलं. सरकारने केंद्राभोवती आधी ३, मग १०, मग २० किलोमीटरची वर्तुळं आखून माणसं हलवली होती. इइताते या सगळ्या वर्तुळांच्या बाहेर. ढग कुठे जाईल याचा अंदाज बांधणारी ‘स्पीडी’ नावाची संगणकप्रणाली सरकारकडे होती, पण तिचे नकाशे लोकांपर्यंत वेळेवर पोचलेच नाहीत. किनाऱ्यावरून पळालेली काही कुटुंबं नेमकी त्या ढगाच्या वाटेत जाऊन बसली. गाव रिकामं करण्याचा अधिकृत हुकूम निघाला २२ एप्रिलला, म्हणजे पाच आठवड्यांनी. असा हुकूम निघणार ही बातमी आधीच फुटली होती. ती ऐकून गावातल्या १०२ वर्षांच्या एका आजोबांनी जीव दिला. २०१८ साली फुकुशिमाच्या न्यायालयाने या मृत्यूबद्दल वीजकंपनीला, म्हणजे टेपकोला, भरपाई द्यायला लावली.

अणुअपघात म्हटलं की डोळ्यांसमोर अशी रिकामी गावं येतात. पण आकडे वेगळंच सांगतात. फुकुशिमा प्रांताची लोकसंख्या तेव्हा सुमारे २० लाख होती. घर सोडून गेलेल्यांचा आकडा सर्वाधिक झाला तेव्हाही तो १ लाख ६४ हजारांच्या आसपास होता. उरलेले अठरा लाख लोक कुठेच गेले नाहीत. फुकुशिमा शहर, कोरियामा, दाते, इवाकी या ठिकाणी त्यांची घरं होती, नोकऱ्या होत्या, आजारी आईवडील होते. त्यांच्या अंगणातही सीझियम पडलं होतं, फक्त ‘निघा’ असा हुकूम यावा इतकं नव्हतं. त्यांनी तिथे कसं राहायचं, मुलांना काय खाऊ घालायचं, कपडे कुठे वाळत घालायचे, हे सांगणारं कोणतंही पुस्तक त्यांच्या हाती नव्हतं.

निघून जाणं हा सोपा आणि सुरक्षित मार्ग होता, असंही समजू नये. अपघाताच्या पहिल्या दिवसांत रुग्णालयांतून आणि वृद्धाश्रमांतून घाईघाईने हलवलेले कितीतरी वृद्ध बसमध्ये किंवा नव्या जागी पोचता पोचता दगावले. पुढची काही वर्षं तात्पुरत्या घरांतला एकटेपणा, मोडलेले औषधोपचार आणि नैराश्य यांनी माणसं जात राहिली. जपानमध्ये अशा मृत्यूंची आपत्तीशी संबंधित मृत्यू म्हणून वेगळी नोंद होते. फुकुशिमात ही संख्या २,३०० च्या वर गेली. प्रत्यक्ष भूकंप आणि त्सुनामीने त्या प्रांतात सुमारे १,६०० माणसं मेली. म्हणजे लाटेने नेली त्याहून अधिक माणसं पुढच्या विस्थापनाने आणि परवडीने नेली. म्हणून कोणालाही हलवायला नको होतं असं होत नाही. इइतातेला तर आधीच हलवायला हवं होतं. पण राहणारा अडाणी आणि जाणारा शहाणा, असा सरळ हिशेब इथे लागत नाही एवढं खरं.

पुढे जाण्याआधी दोन मापं समजून घ्यायला हवीत, कारण या प्रांतातल्या आज्या आणि शाळकरी मुलंही ती रोजच्या बोलण्यात वापरायला शिकली. पहिलं बेकरेल: एका सेकंदाला किती अणुकेंद्रं फुटतात त्याची ही मोजणी. तांदळात, दुधात, मातीत किरणोत्सारी द्रव्य किती आहे ते बेकरेलमध्ये सांगतात. दुसरं सीव्हर्ट: त्या किरणांचा माणसाच्या शरीरावर किती परिणाम होईल त्याचं हे माप. अंगणात पाऊस किती मिलिमीटर पडला आणि तुम्ही किती भिजलात, या दोन गोष्टी जशा वेगळ्या, तसंच हे. सीव्हर्ट फार मोठं माप असल्याने व्यवहारात त्याचा हजारावा भाग, मिलिसीव्हर्ट, वापरतात. जगात कुठेही राहणाऱ्या माणसाला माती, दगड, अन्न आणि आकाशातून येणाऱ्या किरणांमुळे वर्षाला सरासरी २.४ मिलिसीव्हर्ट मिळतातच. प्रौढ माणसाच्या अंगात पोटॅशियमचे सुमारे ४,००० बेकरेल कायम असतात. केरळात करुनागप्पळ्ळीच्या किनाऱ्यावर मोनाझाइटच्या वाळूमुळे नैसर्गिक किरणोत्सर्ग या सरासरीच्या कित्येक पट आहे आणि तिथे पिढ्यान्‌पिढ्या संसार चालू आहेत.

ही माहिती खरी आहे, आणि फुकुशिमाच्या आयांना ती पहिल्या महिन्यापासून ऐकवली गेली. तिचा उपयोग मात्र शून्य झाला. कारण विचारणारीचा प्रश्न ‘जगाची सरासरी किती’ हा नव्हताच. माझ्या मुलाच्या डब्यात काय आहे, हा होता. त्यात सरकारने स्वतःची पत घालवली. एप्रिल २०११ मध्ये शाळांच्या मैदानांसाठी वर्षाला २० मिलिसीव्हर्टची मर्यादा जाहीर झाली. अपघातापूर्वी सामान्य नागरिकासाठी हीच मर्यादा १ मिलिसीव्हर्ट होती. पंतप्रधानांचे सल्लागार, किरणोत्सर्ग संरक्षणाचे प्राध्यापक तोशिसो कोसाको यांनी मुलांसाठी हा आकडा आपण मान्य करू शकत नाही असं सांगत पत्रकारांसमोर रडत राजीनामा दिला. मे महिन्यात फुकुशिमाचे पालक टोकियोत शिक्षण मंत्रालयाच्या दारात जाऊन बसले आणि काही दिवसांत मंत्रालयाने शाळांत १ मिलिसीव्हर्टचं उद्दिष्ट ठेवू असं सांगितलं. एकाच वसंतात विसाचं एक झालं, तेव्हा लोकांनी तिसऱ्या आकड्यावर तरी का विश्वास ठेवावा?

राहणाऱ्यांना वाट सापडली ती दुसरीकडून, बेलारूसमधून.

चेर्नोबिलची अणुभट्टी २६ एप्रिल १९८६ रोजी फुटली ती युक्रेनमध्ये, पण सर्वांत जास्त राख पडली शेजारच्या बेलारूसवर. त्या देशाचा जवळजवळ चौथा हिस्सा सीझियमने माखला. लाखाहून जास्त माणसं हलवली गेली, शेकडो खेडी ओस पडली, काही तर बुलडोझरने जमिनीत पुरून टाकली. तरीही वीस लाखांवर माणसं दूषित जमिनीवरच राहिली. सुरुवातीचे आठवडे सोव्हिएत सरकारने दुधाबद्दल तोंड उघडलं नाही. आयोडीन-१३१ चं अर्धायुष्य अवघं आठ दिवस. दोन-तीन महिने मुलांना गावचं दूध दिलं नसतं तर भागलं असतं. ते दिलं गेलं. त्या वेळी लहान असलेल्या मुलांमध्ये पुढच्या वीस वर्षांत बेलारूस, युक्रेन आणि रशिया मिळून थायरॉइडच्या कर्करोगाचे ६,००० हून अधिक रुग्ण सापडले. अपघातापेक्षा मौन किती महाग पडतं याचा याहून स्पष्ट पुरावा मला माहीत नाही.

आयोडीन गेलं, सीझियम-१३७ उरलं. त्याचं अर्धायुष्य ३० वर्षं. १९९० मध्ये भौतिकशास्त्रज्ञ वासिली नेस्तेरेन्को यांनी मिन्स्कमध्ये ‘बेलराद’ ही संस्था काढली आणि गावोगावी अन्न मोजण्याची केंद्रं उघडली. मग १९९६ मध्ये स्तोलिन जिल्ह्यातल्या ओल्मानी या खेड्यात काही फ्रेंच संशोधक आले. चेर्नोबिलपासून हे गाव सुमारे २०० किलोमीटर दूर, दलदलीच्या काठाला. या प्रकल्पाचं नाव ‘एथोस’. आधीच्या तज्ज्ञांत आणि यांच्यात फरक असा की यांनी उत्तरं आणली नव्हती. त्यांनी आयांच्या हातात मोजयंत्रं दिली आणि म्हटलं, तुम्हाला कशाची भीती वाटते तिथून सुरुवात करू.

आयांनी घर मोजलं, अंगण मोजलं, रस्ता मोजला. लक्षात आलं की घरात फारसं काही नाही, पण चुलीत आहे. जंगलातलं लाकूड जळलं की त्यातलं सीझियम राखेत गोळा होतं, आणि तीच राख बायका वर्षानुवर्षं खत म्हणून बटाट्याच्या वाफ्यात टाकत होत्या. दुधाचं कोडंही असंच सुटलं. शेजारीशेजारी राहणाऱ्या दोन घरांच्या दुधात मोठा फरक येई, कारण एकीची गाय दलदलीच्या कुरणात चरे आणि दुसरीची नांगरलेल्या, खत घातलेल्या गवतावर. दलदलीच्या आंबट मातीत चिकणमाती कमी; तिथे सीझियमला धरून ठेवणारं काही नसतं, ते सरळ गवतात चढतं. म्हणजे गाय विकायची गरज नव्हती. गाय कुठे चारायची, कुठल्या गंजीतलं गवत कोणत्या महिन्यात घालायचं आणि बाळाला कोणत्या महिन्यातलं दूध द्यायचं, एवढं ठरवायचं होतं. दुभत्या जनावरांना प्रशियन निळा नावाचं रंगद्रव्य चारलं तर ते पोटातच सीझियमला बांधून शेणावाटे बाहेर काढतं, हाही उपाय त्या भागात वापरला गेला.

जपानमध्ये इवाकी शहरात राहणाऱ्या आंदो र्‍योको या बाईंच्या वाचनात ओल्मानीची ही गोष्ट आली, तीही आंतरराष्ट्रीय किरणोत्सर्ग संरक्षण आयोगाच्या एका रूक्ष अहवालातून. त्या ना शास्त्रज्ञ ना सरकारी अधिकारी. त्यांनी ‘फुकुशिमातला एथोस’ नावाने मित्रमंडळी जमवली. इवाकीच्या उत्तर टोकाला सुएत्सुगी नावाची छोटी वस्ती आहे, केंद्रापासून ३० किलोमीटरच्या आसपास. तिथे घराघरांत बसून मोजमाप सुरू झालं. आयोगाचे जाक लोशार आणि बेलारूसहून आलेली माणसं यांच्यासोबत २०११ च्या अखेरीपासून फुकुशिमात बैठका भरू लागल्या. शेतकरी, शिक्षक, डॉक्टर आणि आया एका टेबलाभोवती बसत.

तोवर जपानी स्वयंपाकघर स्वतःच प्रयोगशाळा झालं होतं. फुकुशिमाच्या ग्राहक सहकारी संस्थेने २०११ च्या शरदात शंभर कुटुंबांना एक काम सांगितलं: दोन दिवस जे रांधाल त्याचं एक ताट जास्तीचं वाढा आणि आमच्याकडे पाठवा. भात, मिसो सूप, मासे, मधल्या वेळचं खाणं, चहा, सगळं. ते ताट एकत्र दळून मोजलं जाई. शंभरांपैकी नव्वद घरांत सीझियम किलोमागे १ बेकरेलपर्यंतही पोचलं नाही. उरलेल्या घरांतही ते अन्नातल्या नैसर्गिक पोटॅशियमच्या किरणोत्सर्गाहून कमी निघालं. त्यांतल्या बऱ्याच घरी तांदूळ आणि भाजी स्थानिकच होती. शंभर पुस्तिकांनी झालं नसतं ते काम या एका ताटाने केलं, कारण ते ताट त्या बाईने स्वतः वाढलेलं होतं.

तांदळाची गोष्ट मात्र एवढ्या सहज सुटली नाही. २०११ मध्ये फुकुशिमाच्या राज्यपालांनी प्रांताचा तांदूळ सुरक्षित असल्याचं जाहीर केलं आणि काही आठवड्यांतच डोंगराळ खाचरांतला मर्यादेबाहेरचा तांदूळ सापडला. ग्राहक पळाले. एप्रिल २०१२ मध्ये अन्नाची मर्यादा किलोमागे ५०० बेकरेलवरून १०० वर आणली गेली, दूध आणि बाळांच्या अन्नासाठी ५० वर. त्या वर्षीपासून प्रांताने नमुना तपासणी सोडून प्रत्येक पोतं तपासायला घेतलं. दर वर्षी ३० किलोची सुमारे एक कोटी पोती सरकत्या पट्ट्यावरून मोजयंत्राखाली जात. २०१२ च्या पिकात ७१ पोती मर्यादेबाहेर निघाली, २०१३ मध्ये २८, २०१४ मध्ये २, आणि त्यानंतर एकही नाही. हे आपोआप झालं नाही. सीझियम आणि पोटॅशियम रसायनशास्त्रात एकाच कुळातले. मातीत पोटॅशियम कमी असेल तर रोप चुकून सीझियम उचलतं. म्हणून खाचरांत पोटॅशियमचं खत ओतलं गेलं. दुसरीकडे, अपघातानंतरच्या उन्हाळ्यात सूर्यफुलं सीझियम शोषून घेतात म्हणून हौसेने शेतंच्या शेतं सूर्यफुलांची लावली होती. छायाचित्रं सुरेख आली. माती जवळपास होती तशीच राहिली.

दाते भागातल्या सुकवलेल्या पर्सिमॉनची कथा मला तांदळापेक्षाही जास्त बोलकी वाटते. हे फळ सोलून, दोरीला टांगून सुकवतात. हिवाळ्यात घरांच्या माळ्यांवर नारिंगी पडदे लटकतात. फळ सुकलं की पाणी जातं आणि सीझियम उरतं, त्यामुळे ताज्या फळात चालणारा आकडा सुक्या फळात मर्यादा ओलांडतो. २०११ आणि २०१२ अशी दोन वर्षं शेतकऱ्यांनी उत्पादनच थांबवलं. ऐन थंडीत, बर्फात उभं राहून उच्च दाबाच्या पाण्याने एकेका झाडाची साल धुतली, खरवडली. कारण सीझियम मुळांतून नव्हे, सालीतून आत जात होतं. २०१३ मध्ये काही गावांतून विक्री पुन्हा सुरू झाली. आपल्याकडे जैतापूरच्या अणुप्रकल्पावर इतकी वर्षं भांडणं झाली, मोर्चे निघाले, गोळीबार झाला. पण अपघात झालाच तर दुसऱ्या वर्षी हापूसच्या बागायतदाराने आणि नाटे गावच्या मच्छीमाराने नेमकं काय करायचं, याची चर्चा मी फारशी ऐकलेली नाही. तारापूरच्या पहिल्या दोन भट्ट्याही फुकुशिमाच्या पहिल्या भट्टीसारख्याच, जनरल इलेक्ट्रिकच्या, पाणी उकळून वाफ करणाऱ्या जातीच्या. त्या १९६९ पासूनच्या, म्हणजे वयाने दोन वर्षं थोरल्याच.

अन्न आटोक्यात आलं तरी बाहेरून येणाऱ्या किरणांचा प्रश्न होताच. सरकारने निर्मळीकरणासाठी तासाला ०.२३ मायक्रोसीव्हर्ट (मिलिसीव्हर्टचा हजारावा भाग म्हणजे मायक्रोसीव्हर्ट) हा आकडा धरला. तो कुठून आला? माणूस रोज ८ तास उघड्यावर आणि १६ तास लाकडी घरात असतो असं मानून वर्षाचा १ मिलिसीव्हर्ट उलटा सोडवला, आणि त्यात निसर्गाचा वाटा मिळवला. पण आठ तास उघड्यावर असतं कोण? शेतकरी असेल, शाळकरी मूल नव्हे, बँकेतली बाई तर नाहीच. मग तासातासाची नोंद ठेवणारं, खिशात मावणारं डी-शटल नावाचं यंत्र आलं. ते लावून आठवडाभर हिंडलं की संगणकावर आलेख निघतो: रात्री किती, शाळेत किती, आजोळी गेलो तेव्हा किती. फुकुशिमा शहरातल्या एका शाळेच्या मुलांनी हीच यंत्रं फ्रान्स, पोलंड आणि बेलारूसच्या शाळांना पाठवली. २१६ विद्यार्थी आणि शिक्षकांची मोजणी जुळवली, आणि फुकुशिमाच्या मुलांना मिळणारी मात्रा बाकीच्यांच्याच पट्ट्यात बसते असं दिसलं. टोकियोचे भौतिकशास्त्रज्ञ र्‍युगो हायानो त्यांच्या पाठीशी होते. मुलांचा हा निबंध आंतरराष्ट्रीय शोधपत्रिकेत छापून आला.

त्याच हायानोंची दुसरी गोष्ट कमी सांगितली जाते. दाते शहराने नागरिकांना मोजणीचे बिल्ले वाटले होते. त्या आकड्यांवर हायानो आणि एका सहकाऱ्याने दोन निबंध लिहिले, आणि पुढे उघड झालं की हजारो नागरिकांची संमती न घेताच त्यांची माहिती संशोधकांना दिली गेली होती. शिवाय हिशेबातही चूक होती. २०२० मध्ये पत्रिकेने दोन्ही निबंध मागे घेतले. शाळकरी मुलांच्या हाती होता तेव्हा ज्या आकड्याने धीर दिला, तोच माणसाला न विचारता वापरला गेल्यावर सुरुवातीचा संशय परत घेऊन आला. इवाकीतल्या आयांनी २०११ च्या नोव्हेंबरमध्येच ‘ताराचिने’ नावाची स्वतःची प्रयोगशाळा काढली होती. त्या आजही अन्न, माती, समुद्राचं पाणी मोजतात. मोजायला अवघड असलेलं स्ट्रॉन्शियमदेखील. सरकार खोटं बोलतं असं त्या सगळ्याच म्हणत नाहीत, पण मोजणं दुसऱ्यावर सोपवायला त्यांची तयारी नाही.

जंगलापुढे मात्र सगळ्यांनी हात टेकले. प्रांताचा जवळपास ७० टक्के भाग डोंगर-जंगल. घरालगतची वीसेक मीटरची पट्टी सोडली तर ते कोणी साफ केलं नाही, करणं शक्यही नव्हतं. तिथे सीझियम पानांत, पाचोळ्यात, बुरशीत फिरत राहतं. वसंतातल्या रानभाज्या, कोशिआबुराचे कोवळे कोंब, शरदातली अळंबी आणि रानडुकराचं मांस यांत अजूनही मोठे आकडे निघतात. गावकीत या वस्तूंना बाजारभावाहून वेगळी किंमत होती: पहिली अळंबी सापडली की शेजाऱ्याला द्यायची, बदल्यात लोणचं यायचं. ती देवाणघेवाण आटली. यावर भरपाई कोणत्या खात्यातून देणार?

गणित करून पाहिलं तर किलोला १,००० बेकरेल असलेली, म्हणजे मर्यादेच्या दहापट, अळंबी एखाद्याने १०० ग्रॅम खाल्ली तर मिळतात सुमारे ०.००१३ मिलिसीव्हर्ट. सत्तरीतली आजी हे गणित समजून घेते आणि म्हणते, मी खाईन. पण नातवाच्या ताटात ती वाढत नाही. किंवा वाढते आणि सूनबाईशी बोलाचाली होते. अपघाताने कुटुंबं फोडली ती बहुधा अशा ताटांवरून. स्थानिक भाजी शाळेच्या जेवणात यावी की नाही, यावरून आयांत फूट पडली. काही जणी मुलांना घरचा डबा देत. वर्गात डबा उघडणारं मूल एकटं पडे. अनेक घरांत आई मुलांना घेऊन यामागाता, टोकियो किंवा ओसाकाकडे गेली आणि वडील नोकरीसाठी मागे राहिले. महिन्यातून एकदोनदा भेट, दोन घरांचं भाडं, आणि ‘तू पळालीस’, ‘तुला मुलांची पर्वा नाही’ असं दोन्हीकडून बोलणं. काही लग्नं यात मोडली. हुकमाने निघालेल्यांना टेपकोकडून मानसिक त्रासापोटी माणशी दरमहा एक लाख येन मिळत. आपणहून निघालेल्यांना अगदी किरकोळ रक्कम, आणि मार्च २०१७ मध्ये त्यांच्या घरांची मदतही थांबली. हुकूम कुठवर लागू, याची रेषा कधी रस्त्याच्या मधून जाई. अलीकडच्याला पैसे, पलीकडच्याला नाही.

मुलांच्या वाट्याला चार भिंती आल्या. कोरियामात दोन वर्षांपर्यंतच्या बाळांनी दिवसाला १५ मिनिटं आणि तीन ते पाच वर्षांच्या मुलांनी ३० मिनिटांहून जास्त बाहेर खेळू नये, असा दंडक ऑक्टोबर २०१३ पर्यंत होता. शहराने मोठं बंदिस्त क्रीडाघर उभारलं, आत वाळूही टाकली. तरी मुलांची वजनं वाढली. किरणांनी कदाचित कधीच केलं नसतं ते नुकसान किरणांच्या धास्तीने केलं, असं आज सहज म्हणता येतं. २०११ च्या एप्रिलमध्ये ज्या आईला धड आकडा मिळत नव्हता, तिने दुसरं काय करायला हवं होतं? थायरॉइडची तपासणी तर अजून चालू आहे. तेव्हा १८ वर्षांपर्यंतच्या असलेल्या लाखो मुलांच्या गळ्यांची सोनोग्राफी झाली आणि ३०० हून अधिक कर्करोग सापडले. संयुक्त राष्ट्रांच्या शास्त्रीय समितीचं मत असं की हे अतिसंवेदनशील यंत्राने शोधून काढलेले आहेत, किरणांनी घडवलेले नाहीत. मात्रा चेर्नोबिलपेक्षा खूपच कमी होत्या आणि इथे दूध लवकर रोखलं गेलं. हे मत मला पटतं. पण जानेवारी २०२२ मध्ये सहा तरुण रुग्णांनी टेपकोवर दावा लावला, आणि ज्याच्या गळ्यावर शस्त्रक्रियेचा व्रण आहे त्याला सांख्यिकी ऐकवून समाधान मिळत नाही, हेही कळतं.

हुकूम उठत गेले: नाराहा २०१५, ओदाका २०१६, इइताते आणि नामिए मार्च २०१७ अखेर, फुताबाच्या एका भागात राहायची परवानगी २०२२ मध्ये. परतलेले बहुतेक साठीपुढचे. इइतातेत मूळच्या सहा हजारांपैकी सुमारे चौथा हिस्सा आला. मुलं वाढवणाऱ्यांनी बाहेर घरं घेतली, शाळा बदलल्या. पाच-सहा वर्षांत मुलाचं गाव बदलून जातं. उलटं येणारेही आहेत. कादंबरीकार यू मिरी या ओदाकात राहायला आल्या आणि २०१८ मध्ये तिथे पुस्तकांचं दुकान उघडलं. चेर्नोबिलच्या बंद पट्ट्यात १९८६-८७ मध्ये चोरून परतलेल्या हजारभर वृद्धांना सरकारने शेवटी सहन केलं. त्या बायका अळंबी खात, व्होडका गाळत म्हाताऱ्या झाल्या. त्यांच्या हट्टाचं कौतुक होतं, पण त्यांच्यामागे पिढी नव्हती. ओदाकात संध्याकाळच्या गाडीने उतरणारी शाळकरी मुलं आहेत, थोडी का होईना.

अशा राहण्यावर टीका करणारे म्हणतात: लोकांच्या हातात मोजयंत्र दिलं की गुन्हेगार सुटतो, आणि जबाबदारी पीडितांच्या खांद्यावर येते. एथोसवर फ्रान्समध्ये हाच आरोप झाला. आरोप खोटा नाही. आपल्या ताटातलं सीझियम मोजणं हे कोणाही आईचं काम असू नये. पण मोजयंत्र काढून घेतलं तर काय होतं तेही दिसलं. मार्च २०१८ मध्ये जपानच्या अणुनियमन प्राधिकरणाने शाळा आणि बागांतली सुमारे २,४०० मोजणीयंत्रं काढायचं ठरवलं. आकडे आता कमी आहेत, खर्च वाचेल, असं कारण दिलं. विरोधाला सर्वांत पुढे आया उभ्या राहिल्या. भट्टी मोडून काढायला अजून काही दशकं लागणार, तोवर यंत्र राहू द्या, एवढंच त्यांचं मागणं. गावोगावच्या सभांत अधिकाऱ्यांना ऐकून घ्यावं लागलं आणि मे २०१९ मध्ये प्रस्ताव मागे घेतला गेला.

मातीचा प्रश्न तेवढा बाकी आहे. सीझियम चिकणमातीला घट्ट धरून बसतं, त्यामुळे वरचा पाचेक सेंटिमीटरचा थर खरवडला की बराचसा जातो. तसा खरवडून काळ्या पिशव्यांत भरलेला सुमारे १ कोटी ४० लाख घनमीटर ढीग ओकुमा आणि फुताबा या गावांतल्या १,६०० हेक्टर जमिनीवर आणून ठेवला आहे. ही जमीन कुणाची तरी शेतं, घरं, पूर्वजांची थडगी आहे. काहींनी ती सरकारला विकली. काहींनी मालकी स्वतःकडे ठेवून फक्त वापराचा हक्क दिला, कारण २०४५ पर्यंत सगळी माती फुकुशिमाबाहेर नेण्याचं वचन कायद्यात लिहिलेलं आहे. दाइइचीची वीज फुकुशिमाला कधी मिळालीच नव्हती, ती टोकियोकडे जाई. २०२२ अखेरीस कमी किरणोत्सर्गाची थोडी माती टोकियोतल्या शिंजुकु उद्यानात आणि शेजारच्या तोकोरोझावा शहरात प्रयोगादाखल वापरायचा प्रस्ताव आला, तेव्हा तिथल्या रहिवाशांनी कडाडून विरोध केला. जुलै २०२५ मध्ये अगदी थोडी माती पंतप्रधानांच्या कार्यालयाच्या बागेत भरली गेली आणि वर स्वच्छ मातीचा थर दिला गेला. उरलेली माती कुठे न्यायची, ते अजून ठरलेलं नाही.